साचा आणि मुलूख : जॉन कवेल्टी आणि अमेरिकी रहस्यकथा

(स्मृती व्याख्यानमालेतील व्याख्यानाचा मजकूर)

१८४१ च्या एप्रिल महिन्यात फिलाडेल्फियाच्या ‘ग्रॅहम्स मॅगझिन’मध्ये एडगर ॲलन पो यांची ‘द मर्डर्स इन द रू मॉर्ग’ ही कथा छापून आली. आधुनिक डिटेक्टिव्ह कथेचा जन्म बहुतेक अभ्यासक या कथेपासून मोजतात. लेखक अमेरिकी, मासिक अमेरिकी, वाचक अमेरिकी. खून मात्र पॅरिसमध्ये. पो पॅरिसला कधी गेलेच नव्हते. त्याच वर्षी जुलैमध्ये न्यू यॉर्कच्या एका तंबाखूच्या दुकानात काम करणारी मेरी रॉजर्स ही तरुणी नाहीशी झाली आणि तिचा मृतदेह हडसन नदीत सापडला. वर्तमानपत्रे त्या प्रकरणाने भरून गेली. पोंनी त्यावर लगेच दुसरी कथा रचली, पण तिचाही मुक्काम हलवला. मेरीची मारी झाली, हडसनची सेन झाली, न्यू यॉर्कचे पॅरिस झाले.

यानंतर शतकाहून अधिक काळ लोटला आणि याच्या नेमका उलटा प्रवास घडला. चेस्टर हाइम्स हा मिझुरीत जन्मलेला, ओहायोच्या तुरुंगात लिहू लागलेला कृष्णवर्णीय लेखक पॅरिसमध्ये राहत होता. गालिमार प्रकाशनाच्या ‘सेरी न्वार’ या रहस्यकथामालेचे संपादक मार्सेल द्युआमेल यांनी त्याला डिटेक्टिव्ह कादंबरी लिहायला लावले. हाइम्सने पॅरिसमध्ये बसून न्यू यॉर्कचे हार्लेम लिहिले. तिथल्या खानावळी, चर्च, लॉटरीचे आकडे, अंत्ययात्रा आणि त्यांतून वाट काढणारे दोन कृष्णवर्णीय पोलीस, ग्रेव्ह डिगर जोन्स आणि कॉफिन एड जॉन्सन. १९५८ साली फ्रान्समधला रहस्यकथेचा मानाचा पुरस्कार त्याला मिळाला.

पो ते हाइम्स या अंतरात अमेरिकी रहस्यकथेला स्वतःचा मुलूख सापडला. तो कसा सापडला, आणि तो ओळखायला विद्यापीठांतल्या अभ्यासकांना इतका वेळ का लागला, हा आजच्या व्याख्यानाचा विषय आहे. या वाटेवर सोबतीला घ्यायचा अभ्यासक म्हणजे जॉन जी. कवेल्टी.

कवेल्टी यांचे शिक्षण ओबर्लिन कॉलेजात आणि पुढे आयोवा विद्यापीठात झाले. शिकागो विद्यापीठात त्यांनी दीर्घ काळ अध्यापन केले आणि १९८० च्या सुमारास ते केंटकी विद्यापीठात गेले. त्यांचे पहिले पुस्तक, ‘अपॉसल्स ऑफ द सेल्फ-मेड मॅन’, १९६५ साली आले. स्वतःच्या हिमतीवर वर येणाऱ्या माणसाची अमेरिकी कल्पना कशी घडत गेली, याचा तो इतिहास आहे. त्यात बेंजामिन फ्रँकलिन आहेत तसेच होरेशियो अल्जर यांची मुलांसाठीची, एकाच ठशाची, लाखोंनी खपलेली पुस्तकेही आहेत. अल्जर वाचताना कवेल्टी यांच्यापुढे जो प्रश्न उभा राहिला तो त्यांनी पुढे सोडला नाही: पुढे काय होणार हे ठाऊक असलेली गोष्ट माणसे पुन्हा पुन्हा का वाचतात?

त्या काळी हा प्रश्न प्राध्यापकाने विचारावा असा मानला जात नव्हता. १९४४ मध्ये एडमंड विल्सन या मोठ्या समीक्षकाने ‘द न्यू यॉर्कर’मध्ये डिटेक्टिव्ह कथांवर कोरडे ओढले. चिडलेल्या वाचकांची पत्रे आली, त्यांनी सुचवलेली पुस्तके विल्सन यांनी वाचली, आणि १९४५ मध्ये दुसरा लेख लिहून आधीचे मत आणखी कडक केले. प्राध्यापक मंडळी रहस्यकथा आवडीने वाचत. वर्गात शिकवत नसत.

प्रादेशिक लेखनाची अवस्था थोडी बरी होती, पण थोडीच. यादवी युद्ध संपल्यावर अमेरिकेत कानाकोपऱ्यातून कथा येऊ लागल्या. ब्रेट हार्ट यांनी कॅलिफोर्नियातल्या खाणकामगारांच्या वस्त्या लिहिल्या, जॉर्ज वॉशिंग्टन केबल यांनी न्यू ऑर्लिन्सचे क्रिओल लोक, सारा ऑर्न ज्युएट यांनी मेनच्या किनाऱ्यावरची ओसरत चाललेली गावे. वाङ्मयेतिहासात या सगळ्यांना ‘स्थानिक रंग’ अशा मथळ्याखाली एक प्रकरण मिळाले आणि इतिहासकार पुढे सरकले. मोठे साहित्य ते सार्वत्रिक, जागेला चिकटलेले ते लहान, अशी ती समजूत. म्हणजे दोन प्रकार, दोन्ही दुय्यम; एकाचा दोष साचेबंदपणा, दुसऱ्याचा स्थानिकपणा. हे दोन्ही एकमेकांच्या किती कामाचे आहेत हे पाहायला कोणी थांबले नाही.

बदल सुरू झाला तो ओहायो राज्यातल्या बोलिंग ग्रीन नावाच्या लहान शहरात. तिथल्या विद्यापीठात आलेले रे ब्राउन हे मूळचे अलाबामाचे, लोकगीते आणि भुताखेतांच्या गोष्टी गोळा करणारे लोकसाहित्याचे अभ्यासक. त्यांनी १९६७ साली ‘जर्नल ऑफ पॉप्युलर कल्चर’ सुरू केले. या नियतकालिकात १९६९ साली कवेल्टी यांचा साच्याच्या कल्पनेवरचा निबंध आला. १९७१ मध्ये ‘द सिक्स-गन मिस्टीक’ हे वेस्टर्न कथांवरचे छोटे पुस्तक बोलिंग ग्रीननेच काढले, आणि १९७६ मध्ये शिकागो विद्यापीठाच्या छापखान्यातून ‘ॲडव्हेंचर, मिस्ट्री अँड रोमान्स’ बाहेर पडले. लोकप्रिय कथेचा गंभीर अभ्यास म्हटला की आजही या पुस्तकापासून सुरुवात करावी लागते.

त्यातला मुख्य विचार सोपा आहे, म्हणूनच टिकला. साचा दोन गोष्टींच्या गाठीतून तयार होतो. एक म्हणजे कथेचा असा आकार जो बहुतेक सगळ्या समाजांत आढळतो: संकटांवर मात करणारा वीर, उलगडणारे गूढ, अडथळे ओलांडणारे प्रेम. दुसरी म्हणजे एका विशिष्ट समाजाच्या विशिष्ट काळातल्या ओळखीच्या वस्तू, माणसे, पोशाख, बोलणे. गूढ सर्वत्र आहे. पावसाळी रात्री टोपी घालून गाडीत बसलेला खासगी डिटेक्टिव्ह १९३० च्या दशकातल्या कॅलिफोर्नियातच आहे. प्रत्येक कलाकृतीत काही रूढ असते आणि काही नवे. साचेबद्ध कथेत रूढीचा वाटा मोठा असतो एवढेच. वाचकाला त्यातून ओळखीचा आधार मिळतो, आणि त्या आधारामुळेच लहानसा बदलही त्याच्या चटकन लक्षात येतो.

साचा समाजासाठी काय करतो, याची कवेल्टी यांनी चार उत्तरे दिली. तो समाजाच्या मान्य समजुतींना दुजोरा देतो. एकमेकींशी न पटणाऱ्या मूल्यांचा ताण कल्पनेत सोडवतो. निषिद्धाच्या कुंपणापर्यंत, कधी पलीकडेही, वाचकाला सुरक्षित फिरवून आणतो. आणि मूल्ये बदलत असतात तेव्हा जुन्या ओळखीच्या गोष्टीत नवी जाणीव मुरवतो. यातले चौथे उत्तर सर्वांत मोलाचे आहे, कारण मुलूख या साच्यात शिरतो तो त्याच दाराने.

मुलुखाकडे कवेल्टी आले ते आधी वेस्टर्नच्या मार्गाने. वेस्टर्न कथानकावरून ओळखता येत नाही, असे त्यांचे म्हणणे. तिच्यात सूडकथा असू शकते, प्रेमकथा असू शकते, गुरे हाकण्याचा प्रवास असू शकतो. ती ओळखू येते जागेवरून. वस्ती संपते आणि मोकळे रान सुरू होते त्या सीमेवर ती घडते. नायक दोन्ही बाजू जाणतो, दोन्हीकडचा पूर्ण होत नाही. एखाद्या साहित्यप्रकाराची व्याख्याच भूगोलावर उभी करणे ही साठोत्तरी अमेरिकी समीक्षेतली धाडसी गोष्ट होती.

रहस्यकथेच्या बाबतीत मात्र १९७६ च्या पुस्तकात ते इतके पुढे गेले नाहीत. तिथे त्यांनी दोन साचे वेगळे केले. एक ॲगाथा क्रिस्ती आणि डोरोथी सेयर्स यांचा इंग्रजी साचा: बंदिस्त घर, मोजके संशयित, शेवटी सगळ्यांना दिवाणखान्यात बसवून केलेला उलगडा. डब्ल्यू. एच. ऑडन यांनी १९४८ मध्ये या साच्याबद्दल जे लिहिले होते ते इथे उपयोगी पडते: जागा जितकी निरागस, तितके तिथले प्रेत जास्त धक्कादायक. दुसरा साचा अमेरिकी, हार्ड-बॉइल्ड. त्यात जागा आधीपासून किडलेली असते, डिटेक्टिव्हला धमक्या मिळतात, मोह दाखवले जातात, मारहाण होते, आणि गुन्हेगार शोधता शोधता त्याला आपण कोणत्या बाजूचे हे ठरवावे लागते. डॅशील हॅमेट, रेमंड चँडलर आणि मिकी स्पिलेन या तिघांवरचे विवेचन आजही ताजे वाटते. पण शहर तिथे बहुतेक वेळा एक प्रतीक म्हणून येते, ओसाड आधुनिक जगाचे चिन्ह म्हणून. ते सॅन फ्रान्सिस्को आहे की लॉस एंजेलिस, याने फारसा फरक पडत नाही. इथे कवेल्टी कमी पडतात, असे स्पष्ट म्हणायला हवे.

कारण फरक पडतो. हॅमेट पिंकर्टन या खासगी गुप्तहेर संस्थेचे नोकर होते आणि संपांच्या काळात मालकांनी ही संस्था कामगारांविरुद्ध वापरली होती. १९२९ च्या ‘रेड हार्वेस्ट’मधले पर्सनव्हिल हे खाणीचे गाव, संप मोडायला बाहेरून आणलेले गुंड आणि नंतर त्याच गुंडांनी ताब्यात घेतलेले शहर, यामागे मॉन्टानातले तांब्याच्या खाणींचे ब्यूट दिसते. त्या ब्यूटमध्ये १९१७ साली फ्रँक लिटल या कामगार पुढाऱ्याला जमावाने फासावर लटकवले होते. ‘द माल्टीज फाल्कन’ (१९३०) तर सॅन फ्रान्सिस्कोच्या नकाशावर बोट ठेवून वाचता येते. बुश स्ट्रीटवरून फुटणाऱ्या बरिट स्ट्रीट नावाच्या बोळाच्या तोंडाशी एक पाटी आहे. सॅम स्पेडचा भागीदार माइल्स आर्चर याचा इथे खून झाला असे तिच्यावर कोरले आहे, खुन्याच्या नावासकट. कादंबरीतल्या मृत्यूची नोंद शहराने आपल्या भिंतीवर केली, हे त्या पुस्तकाच्या जागेवरच्या निष्ठेचे मोठे प्रमाणपत्र आहे.

ही उणीव कवेल्टी यांनी पुढे स्वतःच भरून काढायला घेतली. पहिले पाऊल म्हणजे १९७९ मध्ये प्रसिद्ध झालेला ‘चायनाटाउन’ या चित्रपटावरचा त्यांचा निबंध. रॉबर्ट टाउन यांनी लिहिलेला आणि रोमान पोलान्स्की यांनी दिग्दर्शित केलेला हा १९७४ चा चित्रपट १९३७ च्या लॉस एंजेलिसमध्ये घडतो. साचे थकले की त्यांचे काय होते, हे निबंधाचे सूत्र आहे. कवेल्टी चार वाटा दाखवतात. साच्याची टर उडवता येते. त्याची हळवी आठवण जागवता येते. त्याच्या मागची मिथककथा खोटी होती असे दाखवता येते. किंवा ती खोटी असली तरी गरजेची आहे असे म्हणून तिला जवळ करता येते. ‘चायनाटाउन’ला ते तिसऱ्या वाटेवर ठेवतात. हुशार, नीतिमान डिटेक्टिव्ह सत्य शोधून काढतो आणि त्याचा काहीच उपयोग होत नाही.

का होत नाही, याचे उत्तर मातीत आणि पाण्यात आहे. लॉस एंजेलिसला पाणी आणणारा ओवेन्स खोऱ्यातला कालवा १९१३ साली सुरू झाला, लांबी सुमारे ३७५ किलोमीटर. खोऱ्यातले शेतकरी कोरडे पडले. १९२४ मध्ये त्यांनी कालव्याला सुरुंग लावला. कालवा जिथे संपतो त्या सॅन फर्नांडो खोऱ्यातल्या जमिनी काही धनाढ्यांनी आधीच घेऊन ठेवल्या होत्या. १९२८ मध्ये सेंट फ्रान्सिस धरण फुटून शेकडो माणसे वाहून गेली आणि विल्यम मलहोलंड या नामांकित अभियंत्याची कारकीर्द तिथेच संपली. चित्रपटाने तारखा पुढे-मागे केल्या, नावे बदलली, पण गुन्हा तोच ठेवला. ज्या गुन्ह्यावर अख्खे शहर वसले आहे त्याला शिक्षा देणार कोण? एका माणसाला पकडून मिटणारे ते प्रकरण नाही. साचा मोडतो तो दिग्दर्शकाच्या लहरीने मोडत नाही, त्या जागेच्या इतिहासाच्या वजनाने मोडतो.

केंटकीला गेल्यावर दक्षिण हा कवेल्टी यांच्या कामाचा भाग झाला. २००४ च्या ‘मिस्ट्री, व्हायोलन्स अँड पॉप्युलर कल्चर’ या संग्रहात प्रादेशिकता आणि लोकप्रिय संस्कृती यांवर त्यांचे लेखन आहे, आणि विल्यम फॉकनर व डिटेक्टिव्ह कथेच्या दुहेरी कथानकावरचा निबंधही. लिऑन फॉरेस्ट या शिकागोच्या कृष्णवर्णीय कादंबरीकारावरचा समीक्षाग्रंथ त्यांनी १९९७ साली संपादित केला. फॉरेस्टनेही फॉकनरप्रमाणे स्वतःचा एक परगणा कल्पिला होता.

दुहेरी कथानक म्हणजे काय? प्रत्येक डिटेक्टिव्ह कथेत दोन गोष्टी असतात: आधी घडून गेलेल्या गुन्ह्याची आणि आता चाललेल्या शोधाची. पहिली गोष्ट दडलेली असते, दुसरी तिला उकरून काढते. फॉकनरच्या ‘ॲब्सलम, ॲब्सलम!’ (१९३६) मध्ये हार्वर्डच्या थंडगार खोलीत बसलेले दोन विद्यार्थी, एक मिसिसिपीचा आणि एक कॅनडाचा, यादवी युद्धाच्या अखेरीस झालेल्या एका खुनाचा उलगडा करत बसतात. हेन्री सटपेनने आपल्याच मित्राला, बहिणीच्या वाग्दत्त वराला, फाटकात गोळी का घातली? पुरावे म्हणजे ऐकीव गोष्टी, जुनी पत्रे, म्हाताऱ्यांच्या आठवणी. शेवटी जे हाती लागते त्यात एका घराण्याचे रहस्य आहे आणि गुलामगिरीवर उभ्या राहिलेल्या सगळ्या दक्षिणेचेही. अमेरिकी कादंबरीतल्या सर्वांत अवघड मानल्या जाणाऱ्या या पुस्तकाचा सांगाडा डिटेक्टिव्ह कथेचा आहे, हे एकदा लक्षात आले की ‘उच्च’ आणि ‘लोकप्रिय’ यांच्यातली भिंत तितकीशी भक्कम वाटत नाही.

फॉकनरने सरळ सरळ डिटेक्टिव्ह कथाही लिहिल्या. गॅव्हिन स्टीव्हन्स हा योकनापटाफा या फॉकनरच्या कल्पित परगण्यातला वकील त्यांचा नायक. १९४९ मध्ये त्या ‘नाइट्स गॅम्बिट’ या संग्रहात आल्या. त्यातल्या ‘ॲन एरर इन केमिस्ट्री’ या कथेपाशी जरा जास्त थांबायला हवे. फॉकनरने ही कथा ‘एलरी क्वीन्स मिस्ट्री मॅगझिन’च्या स्पर्धेला पाठवली आणि १९४६ मध्ये तिला दुसरे बक्षीस मिळाले. पहिले मिळाले मॅनली वेड वेलमन यांच्या एका कथेला, जिचा डिटेक्टिव्ह अमेरिकी आदिवासी आहे. म्हणजे तेव्हाच्या त्या रहस्यकथा-मासिकाने पहिली दोन बक्षिसे ज्यांना दिली त्या दोन्ही कथा मुलुखाच्या होत्या. पुढे १९४९ चे नोबेल फॉकनरच्या नावावर लागले.

कथा अशी. जोएल फ्लिंट हा परका, उत्तरेकडचा माणूस, पूर्वी रंगमंचावर जादूचे आणि वेशांतराचे खेळ करणारा. तो एका खेडवळ, माणूसघाण्या म्हाताऱ्याच्या मुलीशी लग्न करतो. पुढे तिचा खून होतो, फ्लिंट स्वतःच शेरिफला बोलावतो, तुरुंगात जातो आणि तिथून नाहीसा होतो. म्हातारा आपली जमीन उत्तरेकडच्या खरेदीदारांना विकायला बसतो. व्यवहार झाल्यावर तो दक्षिणेच्या रीतीने टॉडी हे व्हिस्कीचे पेय करायला घेतो, आणि साखर सरळ व्हिस्कीत घालतो. बघणारे सगळे गारठतात. कोऱ्या व्हिस्कीत साखर विरघळत नाही. आधी ती पाण्यात विरघळवून घ्यायची, मग व्हिस्की ओतायची. त्या परगण्यातल्या पोरासोरांनाही हे माहीत आहे. खुर्चीत बसलेला म्हातारा म्हातारा नाहीच, सासऱ्यालाही मारून त्याचे रूप घेतलेला फ्लिंट आहे.

पुरावा म्हणजे काय, याचे इतके देखणे उदाहरण रहस्यकथेच्या इतिहासात विरळा. शेरलॉक होम्स सिगारच्या राखेवरून माणूस ओळखतो ते ग्रंथातल्या ज्ञानाच्या बळावर. इथे ज्ञान परगण्याचे आहे, ते कुठल्या ग्रंथात नाही, आणि परक्याला ते कितीही सराव करून पुरते मिळत नाही. फ्लिंटने आवाज, चाल, चेहरा, चिडखोरपणा सगळे उचलले. ओट्यावरची एक सवय राहून गेली. प्रादेशिक लेखक ज्या बारकाव्यांसाठी ‘स्थानिक रंग’ म्हणून हिणवला जात होता, त्यातलाच एक बारकावा इथे खुन्याला फासापर्यंत नेतो. साचा आणि मुलूख इतके एकजीव झाले की वेगळे काढता येत नाहीत.

हीच गोष्ट दुसऱ्या बाजूने पाहणारी एक लेखिका होती. फॉकनरच्याच मिसिसिपीतल्या युडोरा वेल्टी. जागा ही कादंबरीचा प्राण कशी असते यावर त्यांनी स्वतंत्र निबंध लिहिला आहे. १९७१ च्या फेब्रुवारीत ‘न्यू यॉर्क टाइम्स’च्या ग्रंथपरीक्षण पुरवणीत त्यांनी रॉस मॅकडोनाल्ड यांच्या ‘द अंडरग्राउंड मॅन’ या रहस्यकादंबरीचे परीक्षण पहिल्या पानावर लिहिले आणि वाङ्मयीन जगाने कान टवकारले. मॅकडोनाल्ड यांचे खरे नाव केनेथ मिलर. मिशिगन विद्यापीठात त्यांनी कोलरिजवर पीएचडी केली होती. त्यांचे सांता टेरेसा हे शहर म्हणजे कॅलिफोर्नियातले सांता बार्बरा. या कादंबरीत बापाचे पंधरा वर्षांपूर्वी पुरलेले प्रेत शोधायला आलेला मुलगा डोंगरात मारला जातो, त्याच्या हातातला चिरूट सुक्या गवतात पडतो, आणि वणवा शहराच्या दिशेने उतरू लागतो. वारा, उतार, वाळलेली झुडपे आणि एका कुटुंबाचे पाप यांची गती एकच होते. वेल्टी यांनी ते ओळखले, कारण त्या स्वतः त्याच पद्धतीने लिहीत होत्या. पुढे दोघांत घट्ट मैत्री आणि मोठा पत्रव्यवहार झाला. तो २०१५ मध्ये पुस्तकरूपाने आला.

टोनी हिलरमन यांच्याशिवाय हे व्याख्यान पुरे होऊ शकत नाही. ओक्लाहोमात वाढलेले, सांता फेमध्ये पत्रकारिता केलेले, पुढे न्यू मेक्सिको विद्यापीठात शिकवणारे हिलरमन यांनी नाव्हाहो पोलिसांवर पहिली कादंबरी लिहिली, तेव्हा त्यांच्या एजंटने त्यांना सल्ला दिला की त्यातले आदिवासींचे सगळे काढून टाका. हिलरमन यांनी तो मानला नाही. ‘द ब्लेसिंग वे’ १९७० मध्ये निघाली. १९७३ च्या ‘डान्स हॉल ऑफ द डेड’ला रहस्यकथाकारांच्या संघटनेचा एडगर पुरस्कार मिळाला.

एजंटच्या सल्ल्याप्रमाणे ते सगळे काढले असते तर रहस्यच उरले नसते. नाव्हाहोंचा मुलूख ॲरिझोना, न्यू मेक्सिको आणि युटा या तीन राज्यांत पसरलेला, सुमारे ७०,००० चौरस किलोमीटर, म्हणजे महाराष्ट्राच्या जवळपास पाव हिस्सा. हिलरमन यांचा नाव्हाहो पोलीस लेफ्टनंट जो लीपहॉर्न साक्षीदाराकडे जातो तेव्हा थेट दार ठोठावत नाही. होगन या पारंपरिक घरापासून दूर गाडी उभी करून घरमालक बाहेर येईपर्यंत बसून राहतो, कारण तिथली रीत ती आहे. मेलेल्याचे नाव कोणी उच्चारत नाही, तर तपास कसा करायचा? ज्या घरात मृत्यू झाला ते सोडून देतात, तर पुरावा कुठे राहतो? शिवाय कायद्याचा गुंता. १८८५ च्या एका केंद्रीय कायद्यामुळे आदिवासी प्रदेशातला खून हा एफबीआयच्या अखत्यारीत जातो. किरकोळ गुन्हे जमातीच्या पोलिसांकडे. रस्त्याची हद्द ओलांडली की काउंटीचा शेरिफ येतो. प्रेत कुठे पडले आहे यावर तपास कोणी करायचा ते ठरते. हिलरमन यांच्या कथानकाची निम्मी अडचण, आणि निम्मी रंगत, या हद्दींतून येते.

१९८७ मध्ये नाव्हाहो राष्ट्राने हिलरमन यांचा आपला खास मित्र म्हणून गौरव केला. तरीही बाहेरच्या माणसाने आतल्या श्रद्धांचे कथाबीज करावे का, हा आक्षेप राहिला आणि तो रास्त आहे. २००४ मध्ये रे ब्राउन यांनी या प्रकारच्या कादंबऱ्यांवर ‘मर्डर ऑन द रेझर्व्हेशन’ हे पुस्तक लिहिले. अभ्यासकांच्या त्या पिढीने हा मुलूख नकाशावर आणला. हिलरमन यांच्यासारख्या पाहुण्या लेखकांपासून या कादंबऱ्यांची सुरुवात होणे अपरिहार्य होते.

कवेल्टी यांच्या पद्धतीवर दोन गंभीर टीका झाल्या. वाचकाला काय वाटते हे ते पुस्तकावरून ठरवतात, वाचकाला विचारत नाहीत. जॅनिस रॅडवे यांनी १९८४ मध्ये ‘रीडिंग द रोमान्स’ लिहिताना एका गावातल्या प्रेमकथा वाचणाऱ्या स्त्रियांशी बोलून, त्यांची उत्तरे नोंदवून दाखवले की वाचकाची कारणे समीक्षकाच्या अंदाजाहून वेगळी असू शकतात. दुसरी टीका स्त्रियांच्या वाट्याबद्दलची. हार्ड-बॉइल्ड साच्यात स्त्री ही मोह आणि दगा म्हणून येते, हे त्यांनी अचूक टिपले, पण तो साचा स्त्रीच्या हाती गेला तर काय होईल हे १९७६ मध्ये त्यांना दिसले नाही. शिकागो विद्यापीठातूनच इतिहासात पीएचडी केलेल्या सारा पॅरेट्स्की यांनी १९८२ मध्ये व्ही. आय. वॉर्शॉस्की ही डिटेक्टिव्ह शिकागोच्या दक्षिण भागातल्या पोलादाच्या वस्तीतून उभी केली. त्याच वर्षी सू ग्राफ्टन यांनी किन्सी मिलहोनला मॅकडोनाल्ड यांच्या सांता टेरेसात आणून वसवले.

एका बाबतीत मात्र कवेल्टी यांच्याशी वाद घालावासा वाटतो. प्रादेशिकता एके काळी राजकारण आणि अर्थव्यवहार हलवणारे सामाजिक बळ होती, आता ती बरीचशी प्रतीक झाली, पर्यटकांनी विकत घ्यावी अशी, या दिशेने त्यांचा विचार जातो. संगीतात, खाद्यपदार्थांत, जाहिरातींत हे खरे असेल. रहस्यकथेत तितके खरे नाही, कारण गुन्ह्याला सातबारा लागतो. जमीन कोणाची, हद्द कोणाची, पाणी कोणी वळवले, जुने प्रेत कोणाच्या शेतात आहे, हे प्रश्न टाळून तपास पुढे सरकत नाही. डॅनियल वुडरेल यांच्या ‘विंटर्स बोन’मध्ये (२००६) मिझुरीच्या ओझार्क डोंगरातली सोळा वर्षांची मुलगी बापाला शोधत नातेवाइकांच्या दारोदार फिरते, कारण त्याने जामिनासाठी घरच गहाण टाकले आहे. ॲटिका लॉक यांच्या ‘ब्लूबर्ड, ब्लूबर्ड’मध्ये (२०१७) पूर्व टेक्ससमधल्या ५९ क्रमांकाच्या महामार्गालगतच्या एका गावात दोन प्रेते सापडतात, एक कृष्णवर्णीय पुरुषाचे, एक गोऱ्या स्त्रीचे, आणि कोणते आधी सापडले, यावरून गावाची प्रतिक्रिया ठरते. हे मुलूख शोभेचे नाहीत.

आता हा साचा पाहुण्यांकडून घरच्यांकडे आला आहे. डेव्हिड हेस्का वान्बली वायडेन हे सिचांगू लकोटा जमातीचे लेखक. त्यांची ‘विंटर काउंट्स’ २०२० मध्ये आली. साउथ डकोटातल्या रोजबड या आदिवासी प्रदेशात ती घडते. हिलरमन यांच्या कादंबऱ्यांत ज्या कायद्याच्या फटीतून तपासाची रंगत येत होती, तीच फट इथे आतून दिसते. मोठा गुन्हा केंद्राच्या अखत्यारीत, आणि केंद्राचे सरकारी वकील अनेक प्रकरणे हातातच घेत नाहीत; जमातीच्या न्यायालयाला मोठी शिक्षा देण्याचा अधिकार नाही. मग लोक व्हर्जिल वूंडेड हॉर्सकडे जातात. तो पोलीस नाही आणि परवानाधारक डिटेक्टिव्हही नाही. तो पैसे घेऊन गुन्हेगाराला मारहाण करतो, ठरलेल्या दराने. चँडलर यांच्या फिलिप मार्लो या डिटेक्टिव्हलाही दिवसाची फी होती. पण त्याच्यामागे निदान एक न्यायव्यवस्था होती, कितीही किडलेली असली तरी. वायडेन यांनी कादंबरीच्या शेवटी स्वतंत्र टिपण जोडून वाचकाला सांगितले आहे की यातला कायद्याचा भाग कल्पित नाही.